डॉक्युमेंटरीवाल्याला सिरीयल जमते का? मायकल ॲप्टेडचं करिअर समोर ठेवून उत्तर

एकाने विचारलेला प्रश्न असा आहे की मी चार वर्षं डॉक्युमेंटरी करतोय, आता फिक्शन करायचंय, पण एका प्रोड्यूसरने तोंडावर सांगितलं की तुला ॲक्टर हँडल करता येणार नाहीत, मग ते ब्रिटिश डायरेक्टर लोक दोन्हीकडे कसे काय काम करतात, त्यांचं नेमकं काय वेगळं असतं?

मी दोन्ही केलंय. आधी नऊ वर्षं डॉक्युमेंटरी, मग डेली सोप, मधे एक वेबसिरीज, आणि आता परत डॉक्युमेंटरी, त्यामुळे थोडं बोलायचा हक्क आहे असं समजतो. उत्तर लांब होणारे, चहा घेऊन बस. वयाने लहान आहेस म्हणून तू म्हणतोय, राग मानू नकोस.

ब्रिटिश डायरेक्टर म्हटलं की सगळे केन लोच किंवा पॉल ग्रीनग्रासचं नाव घेतात. ग्रीनग्रास 'वर्ल्ड इन ॲक्शन' या चालू घडामोडींच्या कार्यक्रमातून आला आणि २००२ मध्ये 'ब्लडी संडे' केला, तोही रस्ता अभ्यासण्यासारखाच आहे. पण तुझ्या प्रश्नाला खरा लागू पडतो तो मायकल ॲप्टेड. कारण बाकीचे एकीकडून दुसरीकडे गेले, हा माणूस शेवटपर्यंत दोन्हीकडे राहिला. लोरेटा लिनचा बायोपिक, जेम्स बाँड, नार्निया, एचबीओची सिरीयल, हे सगळं करताना दर सात वर्षांनी परत त्याच जुन्या डॉक्युमेंटरीच्या माणसांकडे जायचा, आणि हे त्याने २०१९ पर्यंत केलं. २०२१ च्या जानेवारीत गेला, वय ७९.

आता सुरुवातीपासून. १९४१ चा जन्म, एल्सबरीचा. केंब्रिजला इतिहास आणि कायदा शिकला आणि १९६३ मध्ये मँचेस्टरच्या ग्रॅनडा टेलिव्हिजनमध्ये ट्रेनी म्हणून लागला. हे 'ट्रेनी म्हणून लागला' नीट वाच, कारण तुझ्या अर्ध्या प्रश्नाचं उत्तर तिथेच आहे. ग्रॅनडा ही आयटीव्ही या ब्रिटनच्या खासगी वाहिनीची उत्तरेकडची कंपनी, एकाच कंपनीत 'वर्ल्ड इन ॲक्शन' पण बनायचं आणि 'कॉरोनेशन स्ट्रीट' ही सिरीयल पण, आणि पगारी पोराला या खात्यातून त्या खात्यात टाकायचे. म्हणजे ब्रिटिश लोकांच्या रक्तात काही वेगळं असतं असं नाही, त्यांना एक अशी जागा मिळाली जिथे शिक्का बसायच्या आत माणूस चार खाती फिरून यायचा. आपल्याकडे तुझ्या बाबतीत ते होणार नाही, तुला फ्रीलान्स म्हणून प्रत्येक खात्याचं दार वेगळं वाजवावं लागणार. त्यामुळे त्यांचं बघून स्वतःला कमी समजू नकोस, पण त्या व्यवस्थेतून ॲप्टेडने काय उचललं ते बघ.

पहिलं काम काय मिळालं, तर रिसर्चर. 'सेव्हन अप'चा. १९६४ चा मे महिना, वर्ल्ड इन ॲक्शनचा एक स्पेशल एपिसोड, डायरेक्टर पॉल आल्मंड नावाचा कॅनडियन. कल्पना अशी की सन २००० मध्ये जे लोक देश चालवणार ते आज सात वर्षांचे आहेत, तर त्यांना आत्ता बघूया, कोण कामगार पुढारी होणार आणि कोण साहेब. जेझुइट या कॅथलिक धर्मगुरूंच्या पंथाचं एक वचन त्याला जोडलेलं, की सात वर्षांपर्यंतचं मूल माझ्याकडे द्या, मी तुम्हाला माणूस दाखवतो. आपल्या भाषेत मुलाचे पाय पाळण्यात दिसतात, बस तेवढंच. १४ मुलं निवडली, वेगवेगळ्या थरातली. लंडनच्या महागड्या शाळेतला एक पोरगा सांगतो मी फायनान्शियल टाइम्स वाचतो, आणि अनाथाश्रमातला पॉल युनिव्हर्सिटीचा विषय निघाल्यावर विचारतो की युनिव्हर्सिटी म्हणजे काय. चाळीसेक मिनिटांची ब्लॅक अँड व्हाइट फिल्म, आणि ब्रिटनच्या वर्गव्यवस्थेवर एवढा सरळ वार टीव्हीवर क्वचितच झाला असेल.

ही मुलं शोधणारा ॲप्टेड, म्हणजे २२-२३ वर्षांचा पोरगा, शाळांमध्ये जाऊन शिक्षकांना विचारत फिरणारा. एकदाच करायचा कार्यक्रम होता, त्यामुळे घाईत निवड झाली आणि त्यात १० मुलगे आणि ४ मुली आल्या. गोरी नसलेली मुलं किती, तर एक, सायमन. त्या काळी कोणाला वाटलंच नाही की २००० साली बायका पण मोठ्या जागांवर असतील. ही चूक पुढे ५६ वर्षं त्याच्या गळ्यात पडली, कारण एकदा माणसं निवडली की निवडली, दर सात वर्षांनी तीच यादी घेऊन बसायचं. त्याने ती चूक नंतर उघडपणे कबूल केली. मी रिसर्चर पोरांना नेहमी हे उदाहरण देतो, कारण त्यांना वाटतं खरं काम डायरेक्टरचं असतं.

मग फिक्शन कुठे आलं? १९६७ पासून तो 'कॉरोनेशन स्ट्रीट' डायरेक्ट करायला लागला. ती सिरीयल १९६० मध्ये सुरू झाली आणि अजून चालू आहे. तेव्हा आठवड्याला दोन एपिसोड, स्टुडिओत मल्टिकॅम म्हणजे एकाच वेळी अनेक कॅमेरे, टेप कापणं महाग आणि कटकटीचं, त्यामुळे सीन सलग काढायचे, आधी तालमी करून, जवळजवळ नाटकासारखे. तुझ्या प्रोड्यूसरच्या टोमण्याचं उत्तर इथे आहे बघ. ॲक्टर हँडल करणं ही काही दैवी देणगी नाहीये, ती सवय आहे, आणि ती सवय सगळ्यात वेगाने सोपवर लागते. रोज नवीन सीन, ॲक्टरला कॅरेक्टर तुझ्यापेक्षा जास्त माहीत, वर वेळ नाही, मग तू आपोआप शिकतोस की कुठे बोलायचं आणि कुठे गप्प बसायचं.

माझा सोपचा पहिला दिवस सांगतो. घोडबंदरच्या पुढे एका बंगल्यावर सेट. मी डॉक्युमेंटरीच्या सवयीने ॲक्ट्रेसला विचारत बसलो की या बाईला सासूबद्दल आतून काय वाटतं, तिच्या लहानपणी काय झालं असेल वगैरे. तिने सगळं ऐकून घेतलं आणि शांतपणे म्हणाली, सर, मी हे कॅरेक्टर अडीच वर्षं करतेय, तुम्ही फक्त सांगा ट्रे कुठे ठेवायचा. युनिट हसलं. संध्याकाळी सहापर्यंत माझी सात मिनिटं झाली होती, टार्गेट वीसचं. त्या रात्री चॅनलकडून जे ऐकून घ्यावं लागलं ते जाऊ दे. पण महिनाभरात कळलं की तिला प्रश्न नको होते, तिला ट्रे ठेवायची अशी जागा हवी होती जिथून तिला सासूकडे न बघता बोलता येईल. तेच डायरेक्शन.

ॲप्टेडने सोप केला, मग ग्रॅनडा आणि बीबीसीसाठी एकेक नाटकं केली. १९७२ मध्ये जॅक रोझेन्थलचं 'अनदर संडे अँड स्वीट एफए', रविवारच्या गल्ली फुटबॉलमधला एक रेफरी आणि त्याची होणारी दैना. मग १९७३ मध्ये 'किसेस ॲट फिफ्टी', पन्नाशीतला कामगार बायकोला सोडून बारमधल्या बाईच्या नादी लागतो. आणि १९७६ मध्ये नाटककार हॅरॉल्ड पिंटरचं 'द कलेक्शन', त्यात लॉरेन्स ऑलिव्हिए, ॲलन बेट्स, हेलन मिरेन, माल्कम मॅकडॉवेल. म्हणजे विचार कर, रिसर्चर म्हणून लागलेला पोरगा तेरा वर्षांत ऑलिव्हिएसारख्या दिग्गज नटाला 'अजून एक टेक घेऊया' म्हणतोय. आणि याच काळात, १९७० मध्ये, त्याने तीच मुलं १४ वर्षांची झाल्यावर परत शूट केली. ती आयडिया त्याची नव्हती, ग्रॅनडाच्या डेनिस फोरमनने सुचवलं की त्या पोरांचं पुढे काय झालं ते बघून ये की. एवढंच. साठ वर्षांचा इतिहास घडवायला निघालो असं कोणीही म्हणालं नव्हतं.

१४ वर्षांची मुलं इंटरव्ह्यूला भयंकर असतात बरं का, खाली बघतात, हो नाही एवढंच बोलतात. ॲप्टेड तो भाग तसाच ठेवतो. पण मला जास्त शिकवलं ते २१ वर्षांच्या भागाने, १९७७ चा. टोनी म्हणून ईस्ट एंडचा पोरगा, लहानपणी जॉकी व्हायचं होतं, काही दिवस घोड्यांच्या तबेल्यात काम पण केलं, ते जमलं नाही, टॅक्सीच्या मागे लागला. ॲप्टेडला मनातून वाटत होतं की हा जेलमध्ये जाणार. म्हणून त्याने टोनीला गाडीतून ईस्ट एंडमधल्या गुन्हेगारीच्या जागा दाखवत फिरवलं आणि ते शूट करून ठेवलं, पुढच्या भागात पोरगा आत असला तर कामाला येईल म्हणून. टोनी आत गेला नाही. त्याने लंडनचे सगळे रस्ते पाठ करून टॅक्सीचा बिल्ला मिळवला, संसार केला, मुलं वाढवली, फिल्म आणि टीव्हीत बारीकसारीक रोल केले. त्यानेच सांगितलेला एक किस्सा आहे की त्याच्या टॅक्सीत चंद्रावर जाऊन आलेला बझ ऑल्ड्रिन बसला होता, एक जण सही मागायला आला, टोनीने कागद मागे पास करायला घेतला तर तो म्हणतो, नाही नाही, सही तुमची हवीये.

ॲप्टेड नंतर अनेकदा बोलला की मी त्या वेळी देव बनायला गेलो, भविष्य सांगायला गेलो, आणि ती चूक परत केली नाही. सूझीच्या बाबतीतही तेच, २१ ला सिगारेटवर सिगारेट ओढणारी, लग्नाबद्दल कडू बोलणारी श्रीमंत घरची मुलगी, बघणाऱ्याला वाटतं हिचं काही खरं नाही, आणि २८ ला ती शांत, लग्न झालेली, सुखात. मुलाचे पाय पाळण्यात दिसतात हे सिद्ध करायला निघालेली फिल्म दर सात वर्षांनी थोडी थोडी तोंडावर पडते, वर्गाच्या बाबतीत ती बरीच खरी ठरते पण माणसाच्या बाबतीत नाही, आणि ॲप्टेड दोन्ही दाखवतो.

मी स्वतः हा गाढवपणा केलाय म्हणून लिहितोय. ऊसतोड कामगारांच्या मुलांवर फिल्म करत होतो, त्यातला एक मुलगा शाळा सोडणार हे मला इतकं पक्कं वाटलं की एडिटमध्ये त्याचा शेवटचा शॉट रिकाम्या बाकाचा लावला. फार सुंदर शॉट होता, स्क्रीनिंगला लोक रडले. सहा वर्षांनी त्या मुलाचा फोन आला, आयटीआय करून तो चाकणला लागला होता, आणि त्याने विचारलं की सर तो बाक कोणाचा होता, माझा नव्हता. काय उत्तर देणार.

फिक्शनमध्ये याचा काय संबंध म्हणशील तर सगळाच. स्क्रिप्टमध्ये कॅरेक्टरचा शेवट तुला आधीच माहीत असतो, आणि नवीन डायरेक्टर पहिल्या सीनपासून त्या शेवटाकडे बोट दाखवत बसतो, व्हिलन आला की लो अँगल, मरणारा माणूस आला की उदास लाईट. डॉक्युमेंटरीत ज्याने एकदा तरी टोनीसारखा मार खाल्लाय तो हे करत नाही.

१९८० च्या 'कोल मायनर्स डॉटर'मध्ये हे स्पष्ट दिसतं. केंटकीच्या कोळसा खाणकामगाराच्या घरात जन्मलेल्या लोरेटा लिन या गायिकेची गोष्ट. ॲप्टेड परदेशी, कंट्री म्युझिकशी देणंघेणं नाही, आणि म्हणूनच तो तिथे डॉक्युमेंटरीवाल्यासारखा गेला. त्या भागातली साधी माणसं रोलमध्ये घेतली, बापाच्या रोलसाठी लेव्हॉन हेल्म, जो मुळात 'द बँड'चा ड्रमर, आणि अर्नेस्ट टब, मिनी पर्ल ही संगीतातली खरी माणसं स्वतःच्याच रोलमध्ये. सिसी स्पेसेकने गाणी स्वतः गायली. फिल्मला सात ऑस्कर नॉमिनेशन मिळाली, त्यात बेस्ट पिक्चर पण, स्पेसेकला ऑस्कर मिळालं, आणि डायरेक्टरला नॉमिनेशनसुद्धा नाही. ही त्याच्या सगळ्या करिअरची गंमत आहे, त्याचं काम दिसत नाही. 'गोरिलाज इन द मिस्ट' १९८८ चा, रवांडाच्या डोंगरात खऱ्या जंगली गोरिलांसोबत मोजक्या माणसांनी शूटिंग, सिगर्नी विव्हर त्यांच्यात बसलेली. गोरिलाला कोण ॲक्शन म्हणणार? जे करतील ते घ्यायचं आणि सीन त्याच्याभोवती रचायचा. जे मिळत नाही तेवढ्यापुरता गोरिलाचा सूट घातलेला माणूस. पुढे नॉमिनेशन परत सिगर्नीला.

पण तुला खरं दाखवायचंय ते १९९२ चं वर्ष. अमेरिकेत दक्षिण डाकोटाच्या पाइन रिज रिझर्वेशनवर, म्हणजे नेटिव्ह अमेरिकन लोकांसाठी राखलेल्या भागात, १९७५ मध्ये गोळीबारात एफबीआयचे दोन एजंट मेले आणि लेनर्ड पेल्टियर या नेटिव्ह अमेरिकन कार्यकर्त्याला जन्मठेप झाली. त्यावर ॲप्टेडने 'इन्सिडेंट ॲट ओग्लाला' ही डॉक्युमेंटरी केली, निवेदन रॉबर्ट रेडफर्डचं. आणि त्याच वर्षी त्याच परिसरातल्या, त्याच घटनांवरून सुचलेल्या गोष्टीवर 'थंडरहार्ट' ही थ्रिलर, व्हॅल किल्मरला घेऊन. जॉन ट्रुडेल हा नेटिव्ह अमेरिकन चळवळीतला खरा नेता, डॉक्युमेंटरीत तो स्वतः म्हणून बोलतो आणि थ्रिलरमध्ये ॲक्टर म्हणून उभा आहे. दोन्ही पाठोपाठ बघ. डॉक्युमेंटरीत पुराव्याच्या पलीकडे एक पाऊल टाकत नाही, साक्षीदार, बॅलिस्टिक रिपोर्ट, कोर्टात काय आलं काय नाही, आणि तिथे जे सिद्ध करता येत नाही पण त्या जमिनीवर फिरताना जाणवतं, ती भीती, तो अपमान, ते सगळं त्याने थ्रिलरमध्ये टाकलं. माझ्या मते डॉक्युमेंटरी आणि फिक्शन यांच्यातला फरक यापेक्षा सोप्या पद्धतीने कुठे शिकायला मिळत नाही. आणि हो, पेल्टियर २०२५ मध्ये तुरुंगातून घरी नजरकैदेत आला, ॲप्टेड तेव्हा नव्हता.

यानंतरचं फिक्शन, प्रामाणिकपणे सांगायचं तर, सगळं बघायची गरज नाही. 'नेल' ठीक, १९९९ चा बाँडपट 'द वर्ल्ड इज नॉट इनफ' टेम्समधली बोटींची मारामारी सोडली तर विसरून जावा असा, जेनिफर लोपेझचा 'इनफ' तर मी अर्ध्यात बंद केला. नार्निया पण केलं २०१० मध्ये. पण त्याची दुसरी बाजू बघ, 'रोम' ही सिरीयल सुरू करताना एचबीओने पहिले तीन एपिसोड त्याच्याकडे दिले. 'चेसिंग मॅव्हरिक्स'चा डायरेक्टर कर्टिस हॅन्सन आजारी पडला तेव्हा फिल्म पूर्ण करायला ॲप्टेडला बोलावलं. २००३ ते २००९ अमेरिकेतल्या डायरेक्टर्स गिल्डचा अध्यक्ष होता. म्हणजे धंद्यात त्याची किंमत स्टाईलसाठी नव्हती, भरवशासाठी होती. वेळेत, बजेटमध्ये, ॲक्टर खूश ठेवून काम देणारा माणूस, आणि हे सोपवरचं शिक्षण. फिल्मवाले सोपला नाक मुरडतात पण फोन अशाच माणसाला करतात.

आणि या सगळ्या पैशावर आणि नावावर तो दर सात वर्षांनी त्या १४ जणांकडे परत जात राहिला. २८, ३५, ४२, ४९, ५६, ६३. नीलची गोष्ट तर आख्खी कादंबरी आहे, लिव्हरपूलचा सात वर्षांचा उड्या मारणारा गोड पोरगा, २८ ला स्कॉटलंडमध्ये बेघर, मग शेटलंड बेटांवर, आणि ४२ ला लंडनमध्ये चक्क लिबरल डेमोक्रॅट पक्षाचा नगरसेवक, तेही याच सिरीजमधल्या ब्रूसने त्याला मधे आसरा दिल्यावर. कुठलाही रायटर हे लिहून आणला असता तर चॅनलने परत पाठवलं असतं, कोइन्सिडन्स जास्त आहेत म्हणून. पीटर म्हणून एकाने २८ व्या वर्षी थॅचर सरकारवर टीका केली, पेपरवाल्यांनी त्याला इतकं झोडपलं की तो सिरीज सोडून गेला आणि ५६ ला परत आला, का, तर त्याच्या बँडची जाहिरात व्हावी म्हणून, आणि हे तो सरळ सांगतो. चार्ल्स २१ नंतर कधीच आला नाही, आणि गंमत म्हणजे तो स्वतः डॉक्युमेंटरीच्या धंद्यात आहे. कॅमेऱ्याच्या मागे राहणाऱ्याला पुढचं सगळं माहीत असतं ना.

जॅकीचा सीन मात्र बघच. ४९ च्या भागात ती ॲप्टेडला कॅमेऱ्यासमोर झापते, की तुम्ही आम्हा बायकांना कायम लग्न, मुलं, नवरे हेच विचारलंत, पुरुषांना विचारलेले प्रश्न आम्हाला कधी विचारले नाहीत. बरोबर होतं तिचं. आणि तो ते कापत नाही, स्वतःला मार पडलेला तसाच ठेवतो. मी एडिटला बसलो असतो तर 'लांबतंय' म्हणून काढला असता, खरं सांगतो.

एडिटचा विषय निघालाच आहे तर एक तांत्रिक गोष्ट. या सिरीजचा प्रत्येक भाग नवीन माणसाला पण कळायला हवा, म्हणजे रिकॅप, मागचं थोडक्यात सांगणं, आलाच, आणि दर वेळी रिकॅपचं पोतं मोठं होत जातं. ६३ ला अकरा जण आले होते, एकेकाच्या वाट्याला दहाबारा मिनिटं, त्यात ५६ वर्षं बसवायची आणि आजचं बोलणं पण. तो काय करतो, तर सगळा इतिहास सांगत नाही, जुन्यातली एकच जखम उचलतो आणि आजच्या वाक्याला चिकटवतो. सात वर्षांच्या पोराचा चेहरा, कट, टक्कल पडलेला तोच माणूस, आणि दोघांच्या बोलण्यात एक शब्द सारखा. डेली सोपवर एपिसोडच्या सुरुवातीचा रिकॅप कापणाऱ्या असिस्टंटला मी हे बघायला लावतो, चेष्टा नाही.

तर तुझ्यासाठी. त्या प्रोड्यूसरशी वाद घालू नकोस. कुठल्याही चालू सिरीयलवर एपिसोड डायरेक्टर किंवा सेकंड युनिट मिळालं तर सहा महिने घे, पैसे कमी असले तरी, आणि तिथे सिनेमॅटिक काही करायला जाऊ नकोस, फक्त वेळेत दे. डॉक्युमेंटरी बंद करू नकोस, वर्षातून पंधरा दिवस तिला ठेव, आणि एकाच माणसाकडे किंवा एकाच गावाकडे परत परत जा, नवीन विषय शोधत बसण्यापेक्षा. फुटेजच्या दोन कॉप्या, दोन वेगळ्या घरांत. माझी २००९ ची आख्खी एक डिस्क गेली आहे त्यामुळे हे ओरडून सांगतोय.

बघायची सुरुवात २८ च्या भागापासून कर, सातपासून नाही, कारण तिथे पहिल्यांदा कळतं की हे काय प्रकरण आहे, आणि जुनं सगळं त्यात येतंच. मग ४९, जॅकीसाठी. मग सरळ ६३. ओग्लाला आणि थंडरहार्ट एकाच शनिवार-रविवारी, आधी डॉक्युमेंटरी. सत्तरच्या दशकातली टीव्हीची नाटकं मिळाली तर 'अनदर संडे' बघ, तासाभराच्या आतली आहे, चिखलातला सीन कसा ब्लॉक केलाय, म्हणजे कोण कुठे उभं राहतं आणि कुठे हलतं, ते बघ आणि मग मला पिंग कर, त्यावर वेगळं लिहितो.